बरणीतला थांबक

लग्नाची मागणी घालायला गेलो त्या दिवशी सासऱ्यांनी माझ्यापुढे आधी दगड ठेवला, मग चहा.

मुलीचा बाप समोर दगड आणून ठेवतो तेव्हा होऊ घातलेल्या जावयाच्या मनात काय काय येऊन जातं ते मी इथे लिहीत बसत नाही. काळाभोर दगड, सोललेल्या नारळाएवढा, एका अंगाने चपटा, मधून एक हिरवट शीर गेलेली. टीपॉयवर वर्तमानपत्र पसरून त्यांनी तो दोन्ही हातांनी अलगद टेकवला, खुर्ची मागे ओढली आणि म्हणाले, "बसा. आता घाई नाय."

मी बसलो. घावणे आले, ते खाल्ले. चहा आला. गावच्या गोष्टी निघाल्या. मधेच केव्हातरी सुरमईची तुकडी पुढ्यात आली, तिलाही मी नाही म्हटलं नाही. माझ्या समजुतीप्रमाणे पाऊण तास झाला असेल. मुलुंड पूर्वेच्या त्या इमारतीचा जिना उतरून खाली आलो तर दुपारची संध्याकाळ होऊन गल्लीतले दिवेसुद्धा लागले होते.

बायकोने लग्नानंतर सांगितलं, ती परीक्षा होती. दगडासमोर बसून जो मनगटावरच्या घड्याळाकडे बघेल तो नापास. माझ्याआधी बँकेतला एक चांगला गोरागोमटा मुलगा त्यात गेला होता. मी पास झालो यात माझं कर्तृत्व एवढंच की माझं घड्याळ तेव्हा दुरुस्तीला दिलेलं होतं.

त्या दगडाचं नाव थांबक. हे नाव सासऱ्यांनीच ठेवलेलं. ते मूळचे मालवणकडचे. रागात, लाडात आणि शास्त्रीय चर्चेत मालवणीवर यायचे. "चुंबक काय करता? लोखंड ओढून धरता. तसो हो थांबक. हो वेळ ओढून धरता. अख्ख्या जगात ह्याचे तीनच तुकडे. एक आमच्या गावच्या विहिरीत तळाक. एक साहेब विलायतेक घेऊन गेलो. तिसरो हयसर, मुलुंडात." विलायतेतल्या तुकड्याचा पुरावा काय, असं मी एकदा विचारलं. ते म्हणाले, "साहेब लोकांचा वय बघा. दिसतत काय म्हातारे?"

हा माणूस आयुष्यभर एका कारखान्यात टाइमकीपर होता हे सांगितल्याशिवाय पुढे जाण्यात अर्थ नाही. कारखाना नटबोल्टचा. आता तिथे टॉवर झाला आहे. पण टाइम ऑफिसच्या खिडकीत बसून ज्यांना ज्यांना सासऱ्यांनी लाल शाईने लेट मार्क मारला, ते सगळे अजून मुलुंडातच आहेत. सासऱ्यांबरोबर भाजी आणायला निघालो की समोरून येणारा एखादा पांढऱ्या केसांचा गृहस्थ एकदम झपाझप चालायला लागायचा. आमच्या लग्नात भटजी जरा उशिरा आले, तर अक्षता वाटायच्या आधी सासऱ्यांनी भर मांडवात "लेट!" असं जाहीर केलं. भटजींचं शेवटपर्यंत मंत्रांत लक्ष लागलं नाही. आमच्या संसारात पुढे जे जे बिनसलं त्याचं खापर मी तेव्हापासून त्या लेट मार्कावर फोडत आलो आहे.

सासूबाईंचं म्हणणं असं, की जन्मभर लोकांची मिनिटं कापली ना, ती आता दगडात साठवून ठेवतायत.

दगड त्यांना मिळाला तो मात्र अगदी सरळ वाटेने. आमच्याकडे उन्हाळ्यात कोवळे आंबे मिठाच्या पाण्यात घालून ठेवतात, पुढे वर्षभर पेजेबरोबर खायला. आंबे पाण्यावर तरंगले की नासतात, म्हणून बरणीत वर दगड ठेवायचा. घराघरात असा एक दगड असतो. तो कोणी टाकत नाही, सासूकडून सुनेकडे जातो. सासऱ्यांच्या आईचे आंबे दोन-दोन वर्षांनी काढले तरी दाताखाली कर्रकन वाजायचे, अशी गावात ख्याती होती. ती गेल्यावर भावांनी कलमं वाटली, माड वाटले, हे म्हणाले मला तो दगड द्या. भावांनी दगड दिला आणि पुन्हा विचार बदलायला नको म्हणून वर बरणीही दिली.

थांबकाचा एक नियम होता. तो एका वेळी एकच काम करतो. "हो काय मंत्री नाय, चार खाती सांभाळूक," सासरे म्हणायचे. म्हणजे बरणीत आंब्यांवर बसला असेल तर बाकीच्या जगाचा वेळ मोकळा. आंबे संपले की थांबक शोकेसमध्ये यायचा, आणि मग घरात प्रयोग सुरू व्हायचे.

बांगड्याचा प्रयोग माझ्या डोळ्यांदेखत झाला. बाजारातून ताजे बांगडे आणले, त्यातला एक थांबकाला टेकवून फ्रिजबाहेर ठेवला. दोन दिवसांनी घराला असा वास सुटला, की शेजारच्या जैन कुटुंबाने दारात उदबत्ती लावली. सासूबाई पदर नाकाला लावून म्हणाल्या, "ह्या घरात एक तर तो मासो रवात, नायतर मी." सासऱ्यांनी शांतपणे बांगडा कागदात गुंडाळला आणि मला साक्षीदार म्हणून घेऊन बाजारात गेले. थेट त्या कोळणीपुढे.

"बघ गो, कसो आसा?"

तिने कल्ला उचलला, नाक मुरडलं. "कालचा हाय. कालचा बांगडा मला दाखवाया आणलास व्हय? माझ्याकडचा न्हवं ह्यो. आण दुसरीकडनं आणि शेण इकडं घाल!"

बाकीच्या कोळणी हसायला लागल्या. मी मान खाली घालून चपला बघत होतो. सासरे मात्र उजळले होते. परतताना पुलावर थांबून त्यांनी माझा खांदा धरला. "ऐकलात मा? कालचो म्हणाली! घेतलेलो परवा. अख्खो एक दिवस वाचलो की नाय?"

मी म्हटलं, "वाचला."

मी हे असं "वाचला" म्हणणारा माणूस आहे. घरात माझी ओळख गोष्टी सांगणारा अशी असली तरी वाद घालणारा अशी नाही. एकदाच मी विज्ञानाची बाजू घ्यायला गेलो. शोकेसच्या वर भिंतीवर असलेलं घड्याळ नेहमी मागे पडायचं. कारण थांबक. मी एका रविवारी कोणाला न सांगता त्यातला सेल बदलला. घड्याळ सुतासारखं सरळ चालायला लागलं आणि सासऱ्यांची भूक गेली. दोन दिवस ते घड्याळाकडे आणि दगडाकडे आळीपाळीने बघत बसले. "जोर गेलो तेचो," एवढंच म्हणाले. थांबकाला त्यांनी मिठाच्या पाण्यात भिजत घातलं, उन्हात वाळवलं, आईच्या फोटोला दाखवून आणलं. मला ते बघवेना. ते आंघोळीला गेलेले पाहून मी जुना सेल परत बसवला. संध्याकाळी घड्याळ मागे पडलं आणि सासऱ्यांनी खाली जाऊन सगळ्यांसाठी बटाटेवडे आणले. विज्ञानाशी माझा संबंध तिथे संपला.

अशा माणसाच्या एकुलत्या एका नातीने, म्हणजे माझ्या मुलीने, आयुष्यात एकही गोष्ट वेळेवर केली नाही. तिला मात्र लेट मार्क नव्हता. आमचं घर पश्चिमेला, पूल ओलांडला की आजोळ, त्यामुळे ती वाढली तिकडेच. शाळेची बस चुकली की आजोबा रिक्षाने सोडायचे आणि वर बसवाल्यालाच लवकर आल्याबद्दल झापायचे.

तिला जर्मनीत शिकायला प्रवेश मिळाला तेव्हा आम्ही पेढे वाटले. सासऱ्यांनी पेढा हातात घेतला आणि विचारलं, "कधी जावचा?"

"ऑगस्टमध्ये, आजोबा."

"म्हणजे अजून खूप वेळ आसा," असं म्हणून त्यांनी पेढा खाल्ला. तेव्हा जून संपत आला होता.

त्यानंतर पोरीचं कुठलंच काम पुढे सरकेना. बॅग भरेना, फॉर्म भरेना, गजर वाजला तरी उठवेना. आम्ही म्हटलं, नेहमीचंच. शेवटी तिनेच तक्रार केली, आजोबांकडची गादी टोचते. चादर ओढली तर गादीखाली थांबक.

"आजोबा, हे काय आहे?"

"थंडावा रवता," सासरे खिडकीबाहेर बघत म्हणाले.

ती हसली नाही. दगड मांडीवर घेऊन त्यांच्याजवळ जाऊन बसली. मी दारात होतो. तिथून जायला हवं होतं, पण गेलो नाही. ती म्हणाली, "मला नका ना थांबवू, आजोबा. मला जायचंय."

"जा गो बाय. मी कुठे नको म्हणतंय?"

"आणि मी येईन तेव्हा इथलं सगळं असंच पाहिजे. काही म्हणजे काही बदललेलं नको."

सासऱ्यांनी तिच्या मांडीवरचा दगड उचलून आपल्या मांडीवर घेतला. मग म्हणाले, "सगळ्याची गॅरंटी माका देऊक जमूची नाय. आंब्यांची देतंय."

त्या वर्षीच्या आंब्यांची बरणी भरलेली होती; थांबक गादीखाली होता तोवर तिच्यात दुसरंच वजन ठेवलेलं होतं. त्यांनी तिच्यासमोर थांबक धुतला, पुसला, आंब्यांवर बसवला आणि फडकं बांधून बरणीला अशी गाठ मारली जशी कारखान्याच्या तिजोरीला मारत असतील. ती परत येईपर्यंत बरणी कोणी उघडायची नाही. विमानतळावर ते आले नाहीत. म्हणाले, तिथे जिकडेतिकडे घड्याळं असतात.

ती गेल्यावर पुढचं वर्षभर व्हिडिओ कॉलवर आधी बरणी दिसायची, मग आजोबा. फोन बरणीजवळ धरून ते विचारायचे, "दिसता?" तिकडून ती म्हणायची, "दिसतंय. गाठ तीच आहे ना?" "तीच." इथे पेजेबरोबर बाजारचं लोणचं खाऊन सासूबाई वैतागल्या होत्या, पण त्यांनीही बरणीला हात लावला नाही. ती दुसऱ्या वर्षी नाताळच्या सुट्टीत येणार असं ठरलं. तिकीट काढलं. आणि दिवाळीचा फराळ संपता संपता सासऱ्यांच्या छातीत दुखायला लागलं.

मी धावत पूल ओलांडून पोचलो तेव्हा ते सोफ्यावर घामाघूम होऊन बसले होते आणि सासूबाई स्वयंपाकघराच्या दारात उभं राहून भांडत होत्या.

"दगड घेतंय मी बरोबर. उशाखाली ठेवूया."

"हात लावू नको! बरणी उघडूची नाय!"

"अहो, आंबे काय जीवापरास मोठे?"

"तेका एकच काम जमता, तुका म्हायती आसा. बाय येवची आसा. मी शब्द दिलेलो आसा." आणि मग माझ्याकडे वळून, "जावयांनू, हिका समजवा." मी नेहमीसारखा दोघांच्या मधे उभा राहून "आधी रिक्षा, आधी रिक्षा" एवढंच म्हणत होतो.

हॉस्पिटलात त्यांना थेट आत नेलं. नस उघडली, त्यात ती स्प्रिंग घातली. डॉक्टर बाहेर येऊन म्हणाले, "अगदी वेळेवर आणलंत." सासऱ्यांना शुद्धीवर आल्यावर हे सांगितलं तर ते जगल्यापेक्षा या वाक्याने जास्त खूश झाले. आठवडाभर येणाऱ्या-जाणाऱ्याला ते हेच सांगत होते. "डॉक्टर सोता म्हणालो. वेळेवर."

चौथ्या की पाचव्या दिवशी मी डबा घेऊन गेलो तेव्हा केरळची सिस्टर त्यांची उशी सारखी करत होती. तिच्या हाताला टॉवेलची पुरचुंडी लागली. "आजी, ये क्या है? इतना भारी?"

सासरे झोपेत होते. सासूबाई निर्विकारपणे म्हणाल्या, "भगवान है."

सिस्टरने पुरचुंडीला हात लावून कपाळाला लावला आणि होती तिथे ठेवून दिली. मी सासूबाईंकडे पाहिलं. त्यांनी डोळे वटारले. मी डबा उघडला.

सासरे घरी आले, दुपारी झोपले, आणि सासूबाई दगड परत ठेवायला गेल्या. थोड्या वेळाने त्यांचा मला फोन आला. मुलीला न करता जावयाला फोन, म्हणजे काहीतरी भलतंच असणार हे मी ओळखलं. गेलो तर त्या स्वयंपाकघरात जमिनीवर बसलेल्या, पुढ्यात उघडी बरणी. गडबडीत थांबक काढून त्यांनी वजनाला स्टीलची वाटी पालथी घातली होती. वाटी कलंडली होती, आंबे वर आले होते, पाण्यावर पांढरा तवंग. मी एका आंब्याला चमचा लावला. चमचा आरपार गेला.

"घात झालो माझ्या हातून," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "तेंनी जीव टांगणीक लावून हे आंबे राखल्यानी. आता बाय येतली, बरणी उघडतली, आणि ह्या गाळ बघून तेंचा काय होतला? डॉक्टरान धक्को देव नको म्हणून सांगितल्यान हां."

डिसेंबरच्या तोंडावर मुंबईत खारवायचे आंबे कुठे मिळणार? झाडावर मोहोरसुद्धा धड नाही. सासूबाईंनी अत्यंत कडू औषध घेतल्यासारखा चेहरा करून एकच शब्द उच्चारला. "वाकोला."

वाकोल्याला त्यांची धाकटी बहीण राहते. ती दरवर्षी आंबे घालते, साध्या दगडाखाली, आणि थांबकाची तिच्याएवढी टर जगात कोणी उडवलेली नाही. मी ऑफिसला दांडी मारून गेलो. मावशीने दार उघडलं, हातातली रिकामी बरणी बघितली, माझं तोंड बघितलं, आणि पदर तोंडात कोंबून हसायला बसली.

"काय रे, तुमच्या त्या जगप्रसिद्ध दगडाने संप केला काय?"

मी सगळं सांगितलं. हॉस्पिटलची उशी आली तेव्हा तिचं हसू थांबलं. उठली, आपल्या बरणीतले टणक टणक आंबे निवडून दिले, वर खाराचं पाणी ओतलं. "सांग ताईला, कोणाला बोलणार नाही म्हणावं. निदान ते असेपर्यंत तरी." मग लगेच, "पण मग हे सगळ्यांना सांगायला मी पण आता शंभरी गाठल्याशिवाय जाणार नाही, हां!"

वाकोला ते मुलुंड रिक्षाने, मांडीवर काठोकाठ भरलेली बरणी घेऊन, कोणी बसू नये. रस्त्यात जितके खड्डे होते त्या प्रत्येकाने माझ्या पँटवर आपापली खूण ठेवली. रिक्षावाला आरशातून बघत होता. शेवटी त्याला राहवलं नाही. "साहब, मच्छी है क्या?"

"आम है."

"दिसंबर में?"

"पुराना है."

त्याने उरलेला रस्ता मान बाहेर काढून रिक्षा चालवली. सासरे दुपारी झोपलेले असताना आंबे बदलले, थांबक वर बसवला, आणि सासूबाईंनी ती गाठ जशीच्या तशी मारली. त्यांना ती मारता येत होती, याचं मला उगीचच नवल वाटलं.

मुलगी आली. येताना जाडजूड कोट आणि नवीन चष्मा घेऊन आली. आजोबांना मिठी मारली आणि कोट न काढता थेट स्वयंपाकघरात. "गाठ तीच!" ती ओरडली. बरणी टेबलावर आली. सासरे खुर्चीवर ताठ बसले होते. दुखण्याने गालफडं बसली होती, शर्ट खांद्यावरून ओघळत होता. त्यांनी स्वतः फडकं सोडलं, थांबक उचलून ताटलीत ठेवला, एक आंबा तिला दिला, एक स्वतः घेतला.

तिने चावा घेतला. कर्रकन आवाज झाला.

"आजोबा! अगदी तसाच!"

सासऱ्यांनीही चावा घेतला. चावला. थांबले. पुन्हा चावला. मग त्यांनी सावकाश मान वळवून सासूबाईंकडे पाहिलं. सासूबाई भाताला फोडणी देत असल्यासारख्या कढई ढवळत होत्या; कढई रिकामी होती. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी पंख्याची पाती तपासत होतो.

त्यांनी घास गिळला, नातीच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "मग? गॅरंटी म्हणजे गॅरंटी. कालचो आंबो आसा ह्यो."

जेवणं झाली. मुलगी आईबरोबर आत झोपली. सासरे गॅलरीत खुर्ची टाकून बसले, मला खूण करून जवळ बोलावलं.

"जावयांनू, वाकोल्यात मीठ जरा जास्तीच घालतत, नाय?"

मी रस्त्यावरच्या रिक्षा बघत राहिलो.

"दगड खंय होतो?"

"तुमच्या उशाखाली," मी म्हटलं. "हॉस्पिटलात. सगळे दिवस."

त्यांचा हात छातीवर, जिथे आतून ती स्प्रिंग असेल, तिथे फिरत होता. मग एखाद्या कामगाराचं कार्ड तपासावं तशा आवाजात ते म्हणाले, "म्हणजे आंब्यांच्या वाटणीचो वेळ मी खाल्लंय." आणि थोड्या वेळाने, "तिका सांगू नकात."

"नाही सांगत."

"दगड परत बरणीत ठेवा. बाय पुढच्या वर्षीही येवची आसा."

आतून सासूबाईंचा आवाज आला. आम्हाला वाटलं होतं त्या झोपल्या. "बरणीत मी वरवंटो ठेवलंय. तो दगड उशाखालीच रवांदे."

सासरे खुर्चीत वळले. "अगो, मग आंब्यांचा काय?"

"आंब्यांक वाकोला आसा."